तिसऱ्याचा पाऊस

शाल्मली आंबर्डेकरने तो मसुदा नापास व्हावा म्हणूनच लिहिला होता. आणि गंमत अशी, की पास होण्यासाठी लिहिलेल्या कुठल्याही मसुद्यावर तिने इतकी मेहनत कधी घेतली नव्हती. एकेक वाक्य असं घासूनपुसून ठेवलेलं, की अमेरिकेने वाचलं तर अमेरिकेचं डोकं फिरावं आणि युरोपने वाचलं तर युरोपचं.

तिची नोकरीच ती. लिस्बनमध्ये नदीकाठच्या एका जुन्या गोदीत अटलांटिक छाया कराराचं सचिवालय होतं. अमेरिका आणि युरोप या दोघांनी मिळून ते थाटलं, तेव्हा त्यांचं चांगलं गूळपीठ होतं. पुढे आयातकर झाले, लष्करी तळांवरून हमरीतुमरी झाली, एकमेकांचे राजदूत परत पाठवून झाले, आणि आता दोघांमध्ये धड चालू असलेली अशी ही एकच गोष्ट उरली होती. शाल्मली तिथली मुख्य मसुदा-अधिकारी. दोन्ही बाजूंचं भांडून झालं, की त्या राड्यातून दोघांनाही सही करता येईल असा कागद काढायचा, हे तिचं काम. मिरजेहून निघालेली ही बाई जिनिव्हा, ब्रसेल्स करत इथवर आली ती दोन गोष्टींच्या जोरावर. तिची भाषा कुणाला टोचत नसे, आणि एकाने तिला सांगितलेलं दुसऱ्याच्या कानावर कधी जात नसे. या दुसऱ्या गोष्टीचा तर तिला भारी अभिमान होता.

आताचं भांडण होतं ढगांवरून.

समुद्रावर खालच्या थरात सपाट, पांढरट ढग पसरतात. ते जितके पांढरे, तितकं ऊन परत फेकतात. त्यांना आणखी पांढरं करायची युक्ती ऐकायला अगदी साधी आहे. जहाजाने समुद्राचं पाणी ओढून घ्यायचं आणि केसाहून कितीतरी बारीक भोकांतून दाबाने वर उडवायचं. त्या तुषारातलं पाणी वाळून जातं, मिठाचा कण तेवढा हवेबरोबर वर चढतो. ढगात पोचला की त्या कणाभोवती एक थेंब धरतो. म्हणजे ढगात पाणी तेवढंच, पण मोजक्या मोठ्या थेंबांऐवजी ते असंख्य बारक्या थेंबांत वाटलं जातं, आणि काचेपेक्षा काचेचा चुरा पांढरा दिसावा तसा तो ढग पांढरा होतो. खालचा समुद्र सावलीत येतो आणि निवतो.

अमेरिकेच्या बाजूचा समुद्र निवला की तिथली चक्रीवादळं लुळी पडत. युरोपच्या बाजूचा निवला की उन्हाळ्यात माणसं मारणारी उष्णतेची लाट ओसरे. दोघांनाही ते हवंच होतं. पण अमेरिकेने आपल्याकडे फवारलं की वरचे वारे असे वळतात, की स्पेन-फ्रान्सवर उकाडा ठाण मांडून बसतो, असं युरोपचे शास्त्रज्ञ म्हणत. आणि युरोपने फवारलं की वादळं उलट आमच्याच किनाऱ्याकडे ढकलली जातात, असं अमेरिकेचे. दोघंही थोडे थोडे खरे होते, त्यामुळे भांडण मिटायचं नाव घेत नव्हतं. तूर्त चालू होती ती बेताची फवारणी. दोघांनाही मोजकीच जहाजं, वर एक नाही. नवं काही ठरलं नाही, तर ही बेताची मर्यादा आपोआप पुढे चालू राहायची होती.

आणि शाल्मलीला मनातून तेच हवं होतं. सचिवालयाच्या माणसाला मनातून काही हवं असणं हे खरं तर नियमात बसत नाही. पण तिचं हवं-नको होतं ते तन्मयपायी.

तन्मय तिचा धाकटा दीर. ती लग्न होऊन आंबर्डेकरांकडे आली तेव्हा तो सहावीत होता आणि सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या. त्याच्या डब्यापासून ते त्याच्या पहिल्या प्रेमभंगापर्यंत सगळं वहिनीनेच निस्तरलं. पुढे तिचा नवरा अमेय आजारपणात गेला. मूलबाळ नव्हतं, माहेरचं जाणंयेणं कधीच आटलेलं, दीर मात्र राहिला. तो पाण्याचा शास्त्रज्ञ झाला, कामासाठी म्हणून केप व्हर्देच्या बेटांवर गेला आणि सेलेस्त नावाच्या शिक्षिकेच्या प्रेमात पडून तिथलाच होऊन बसला. "मिरजेचं पोर आफ्रिकेच्या समुद्रात जाऊन बुडालं," असं शाल्मली चारचौघांत सांगायची, ते कौतुकानेच. डोंगराच्या कुशीतल्या एका हिरव्यागार खोऱ्यात सेलेस्तच्या माहेरचं घर होतं. आजूबाजूला ऊस, अळू, केळी. ऑगस्ट ते ऑक्टोबर पाऊस यायचा, आणि त्या एवढ्याशा पावसावर ते खोरं वर्षभर जगायचं.

"वहिनी, मी परत परत करून पाहिलं गणित," तन्मय पडद्यावरून म्हणाला. त्याच्या मागे सेलेस्त मुलीची वेणी घालत बसली होती. "दोघांनी एकदम पूर्ण फवारणी केली ना, तर आमचा पाऊस गेला."

"गेला म्हणजे कमी झाला, असंच ना?"

"गेला म्हणजे गेला. विषुववृत्तापाशी उत्तरेचे आणि दक्षिणेचे वारे एकमेकांना भेटतात, तिथे पावसाचा एक पट्टा असतो. हा पट्टा मेला उबेचा लोभी. जो गोलार्ध जास्त तापलेला, तिकडे सरकतो. उन्हाळ्यात उत्तर तापते म्हणून तो वर चढतो आणि आमच्या बेटांपर्यंत कसाबसा पोचतो. आम्ही म्हणजे त्याचं शेवटचं टोक. तुम्ही उत्तरेचा अटलांटिकच थंड करून ठेवलात, तर तो कशाला वर येईल? खालीच पडून राहील, समुद्रावर कोसळत."

"आणि बेताचीच फवारणी राहिली तर?"

"तर थोडा रुसेल. पण येईल."

शाल्मलीने चष्मा काढून डोळे चोळले. "तुमच्या शिष्टमंडळाने हे मांडायला हवं."

"आम्ही निरीक्षक गं. भिंतीकडेच्या खुर्च्या आमच्या. आमच्यासमोर माइकसुद्धा नसतो."

"माहीत आहे. ते नियम मीच लिहिलेत."

"मग तूच सांग ना. उभी राहा आणि सरळ सांग त्यांना, की बाबांनो, तुमच्या दोघांच्या भांडणात तिसऱ्याचं पाणी जातंय."

"सचिवालयाला मत नसतं रे, तन्मय. मी तोंड उघडलं, की दुसऱ्या दिवशी मी घरी. आणि माझ्या जागी असा कुणीतरी येईल, की ज्याला केप व्हर्दे नकाशावर बोट ठेवून दाखवावं लागेल."

"बरं बाई." तो हसला. "तू तिथे आहेस म्हणून मला झोप तरी लागते."

पुढच्याच आठवड्यात घोडं पुढे ढकलायचं ठरलं. उन्हाळ्याच्या आत काहीतरी झालंच पाहिजे, असा दोन्हीकडच्या राजधान्यांनी धोशा लावला होता. वाटाघाटींच्या अध्यक्षांनी शाल्मलीला बोलावून सांगितलं, की आता चर्चा पुरे, सचिवालयाने स्वतः एक तोडगा लिहावा आणि तो मौन पद्धतीने दोघांपुढे ठेवावा.

ही मौन पद्धत म्हणजे राजनैतिक जगातली फार लाडकी चीज. मसुदा सगळ्या सदस्यांना पाठवायचा, निरीक्षक त्यात धरत नाहीत, आणि एक मुदत द्यायची. मुदतीच्या आत कुणी लेखी हरकत घेतली, तर मसुदा तिथेच मेला. कुणीच काही बोललं नाही, तर मंजूर. मतदान नाही, भाषणं नाही, हात वर करणं नाही. यात मोठी सोय अशी की कुणालाच तोंडाने 'हो' म्हणावं लागत नाही. उद्या काही बिनसलं तर प्रत्येकजण म्हणायला मोकळा, की आम्ही कुठे काय बोललो होतो.

शाल्मलीच्या डोक्यात किडा वळवळला तो इथेच. तिने ठरवलं, की दोघांनाही सगळं देऊन टाकायचं. अमेरिकेला पूर्ण फवारणी, युरोपला पूर्ण फवारणी, मर्यादा रद्द. आपल्याला मिळालं याचा आनंद कुणालाच होणार नाही, पण दुसऱ्याला मिळालं याचा संताप दोघांनाही होईल. इतक्या वर्षांत ती त्यांना आतूनबाहेरून ओळखून होती. कुणीतरी एक हरकत घेणार, बहुधा दोघंही, आणि तीसुद्धा पहिल्याच दिवशी. मसुदा मेला की बेताची मर्यादा चालू. तिने तोंडही उघडलेलं नसेल, आणि तन्मयचा पाऊस शाबूत राहील.

तन्मयला तिने हे सांगितलं तेव्हा तिचा आवाज चक्क खुशीत होता. "अंगावर पाल पडल्यासारखे झटकून टाकतील बघ."

तन्मय म्हणाला, "आणि नाही झटकलं तर?"

"आता तू मला माझं काम शिकवणार का?"

"नाही गं, विचारलं आपलं. तुमची ती अळीमिळी गुपचिळी मला कधी कळलीच नाही. नको असेल तर माणसाने नको म्हणावं, एवढंच आम्हाला माहीत."

"म्हणूनच तू पाण्यात आहेस आणि मी करारात," ती म्हणाली, आणि दोघंही हसले.

मसुदा सोमवारी गेला. मुदत शुक्रवारी दुपारपर्यंत. सोमवारी काही आलं नाही. मंगळवारीही नाही. शाल्मली दर थोड्या वेळाने पडद्याकडे बघायची. बुधवारी तिला जेवण गेलं नाही. आपल्या हाताखालच्या लोकांना ती म्हणाली, की मोठे देश आहेत, सावकाश भडकतात.

गुरुवारी कँटीनमध्ये अमेरिकेच्या शिष्टमंडळाचे प्रमुख व्हिटलॉक आपलं ताट घेऊन तिच्यासमोर येऊन बसले. हे लुइझियानाचे. धिप्पाड, मऊ बोलणारे गृहस्थ. त्यांचं लहानपणचं घर वादळात वाहून गेलेलं, आणि ते त्याबद्दल कधीही बोलत नसत.

"भयंकर मसुदा लिहिलाय तुम्ही, मिसेस आंबर्डेकर," ते म्हणाले. "वॉशिंग्टनमध्ये सगळे दातओठ खातायत. युरोपने असं मनमुराद फवारायचं आणि वादळं आम्ही झेलायची?"

"मग हरकत घ्या," शाल्मली अगदी सहज म्हणाली.

"आम्ही? छे. त्या आयातकरांपायी आधीच जगभर आमची छीथू झालीय. हाही करार अमेरिकेनेच मोडला, असं छापून यायला नको, असा वरून सक्त आदेश आहे. आणि आम्ही मोडायची गरज काय? युरोपच्या मार्शांबाईंना राहवणार आहे का? त्या मोडतील, आम्ही दुःख व्यक्त करू." त्यांनी सुरीने मासा उलटला. "हे अर्थात तुमच्यापाशी राहील."

"अर्थात," शाल्मली म्हणाली.

त्याच दुपारी नदीकडच्या गच्चीवर युरोपच्या शिष्टमंडळाच्या प्रमुख ओदिल मार्शां कॉफीचा कप घेऊन उभ्या होत्या. किडकिडीत बाई, नजर धारदार. शाल्मली दिसताच त्यांनी तिला जवळ बोलावलं.

"आमच्या एकाही राजधानीला हा मसुदा मान्य नाही, तुम्हाला कल्पना असेलच."

"मग अजून काही आलं कसं नाही, मादाम?"

"आम्ही का वाईट व्हायचं? मागच्या वेळी तळांच्या वादात बैठकीतून उठून गेलो, तर वर्षभर ऐकून घ्यावं लागलं, की युरोपला तडजोड जमत नाही. या वेळी आम्ही मुळीच उठणार नाही. अमेरिकनांना कुठे धीर धरवतो? उद्या सकाळपर्यंत तेच मोडून मोकळे होतील." त्यांनी कप कठड्यावर ठेवला. "व्हिटलॉक काही बोलले का तुमच्याकडे?"

"ते मी सांगू शकत नाही, मादाम."

"बरोबर आहे. म्हणून तर आम्ही सगळे तुमच्याशी बोलतो."

शाल्मली आपल्या खोलीत आली, दार लावून घेतलं आणि खुर्चीत बसली. जे कधी झालं नव्हतं ते होऊ घातलं होतं. मसुदा दोघांनाही नको होता आणि दोघंही मूग गिळून बसणार होते, दुसरा बोलेल या भरवशावर. आता मुदत सुरू झाल्यावर सचिवालयाला मसुदा मागे घेता येत नव्हता. तोही नियम तिचाच. तो लिहिला तेव्हा किती शहाणपणाचा वाटला होता.

एकच वाट होती. मार्शांबाईंच्या दाराशी जायचं आणि म्हणायचं, की ते मोडणार नाहीत. एवढं एकच वाक्य. किंवा तेच व्हिटलॉकना. दोघांपैकी कुणालाही कळलं असतं तरी मसुदा त्याच क्षणी मेला असता. पण मग उद्या ते दुसऱ्याला कळणार, परवा सगळ्यांना. शाल्मली आंबर्डेकर इकडचं तिकडे करते, असं एकदा झालं, की या शहरातच काय, कुठल्याच शहरात तिच्यासमोर कुणी कॉफीसुद्धा प्यायलं नसतं. ती घाबरली होती, आणि त्याहून जास्त तिला आपल्या नावाची माया सुटत नव्हती. ती उठली, कॉरिडॉरमध्ये मार्शांबाईंच्या दारापर्यंत गेली. आतून त्यांचा फोनवरचा आवाज येत होता. तिने हात वर केला, ठोठावण्यासाठी. मग आपण होऊन मनाची समजूत काढली, की दोघंही नाटक करतायत, शेवटच्या घटकेला कुणाची तरी गाळण उडेलच, आजवर नेहमी उडाली आहे. आणि ती परत फिरली.

शुक्रवारी सकाळी तन्मयचा निरोप आला. "मेला का?"

तिने उत्तर पाठवलं, "मरेल."

दुपारी मुदत संपली आणि पडद्यावर हिरव्या पट्टीत उमटलं, 'मसुदा सर्वसंमतीने मंजूर'. इमारतीत एकदम दारं उघडल्याचे आवाज झाले. व्हिटलॉक वरच्या मजल्यावरून जिन्याने खाली येत होते, मार्शांबाई खालून वर जात होत्या. मधल्या पायरीवर दोघं समोरासमोर आले. दोघांच्याही तोंडचं पाणी पळालेलं होतं. तुम्ही का नाही मोडलंत, हे विचारायची सोय दोघांनाही नव्हती. क्षणभराने व्हिटलॉकनी हात पुढे केला, मार्शांबाईंनी तो धरला, आणि कुणीतरी फोटो काढला. दुसऱ्या दिवशी तो फोटो जगभर छापून आला. अटलांटिकचे दोन काठ पुन्हा जुळले, म्हणे.

संध्याकाळी शॅम्पेन झाली. व्हिटलॉक ग्लास घेऊन शाल्मलीजवळ आले आणि हलक्या आवाजात म्हणाले, "खरं सांगू? मला शंभर टक्के वाटलं होतं, की..."

"मलाही," शाल्मली म्हणाली.

यापुढचं मात्र कुठल्याच शास्त्रज्ञाने वर्तवलेलं नव्हतं. दोन्ही बाजूंनी एकदम पूर्ण फवारणी झाल्यावर दोघांना ज्याची भीती होती ते तोटे एकमेकांत जिरून गेले. एकीकडून वारे जेवढे वाकले, तेवढेच दुसरीकडून सरळ झाले. युरोपात उकाडा बसला नाही. अमेरिकेकडे वादळं ढकलली गेली नाहीत, आणि जी उठली ती वाटेतच मान टाकू लागली. लिस्बनमध्ये ऑगस्टात लोक अंगावर शाल घेऊन नदीकाठी बसायला लागले. म्हातारी माणसं दुपारी फिरायला निघायची. दोघांना नको असलेला मसुदा दोघांच्याही पथ्यावर पडला, आणि ज्याने त्याने तो आपण कसा घडवून आणला ते सांगायला सुरुवात केली. शाल्मलीला पदक मिळालं.

केप व्हर्देला त्या वर्षी पावसाचा पट्टा पोचला नाही. पुढच्याही वर्षी पोचला नाही.

तन्मयचे मोजमापाचे आकडे घेऊन शाल्मली दोघांच्याही दारात गेली. मार्शांबाईंनी सगळं शांतपणे ऐकलं आणि त्यांना खरंच वाईट वाटलं. आम्ही टाक्या पाठवू, खारं पाणी गोडं करायची यंत्रं पाठवू, त्या म्हणाल्या, पण करार पुन्हा उघडायचा तर तो अमेरिकेने उघडावा, आम्ही आपण होऊन कसा उघडणार? व्हिटलॉकनी खुर्ची ओढून तिला बसवलं. त्यांच्या भावाने आता त्याच जुन्या जागेवर पुन्हा घर बांधलं होतं, त्याचा फोटो त्यांनी दाखवला. मग म्हणाले, की बेटांचं ऐकून जीव तुटतो, पण सुरुवात युरोपने करावी. शाल्मली दोघांकडेही पुन्हा पुन्हा जात राहिली. हळूहळू तिच्यासाठी त्यांना वेळ मिळेनासा झाला.

दुसरा पाऊस हुकल्यावर एका रविवारी तन्मयचा फोन आला. या वेळी पडद्यावर तो एकटाच होता.

"वहिनी, एक विचारायचं राहिलंय. मुदत संपायच्या आधी तुला माहीत होतं का, की दोघंही गप्प बसणार आहेत?"

खोटं बोलणं सोपं होतं. पण या पोराशी खोटं बोलायची तिला सवयच नव्हती.

"हो."

"केव्हापासून?"

"गुरुवारपासून. दोघंही येऊन सांगून गेले मला."

"आणि तू दोघांनाही काही बोलली नाहीस."

"विश्वासाने सांगितलं होतं रे त्यांनी. माझा शब्द होता."

"आणि मला दिलेला?" तन्मयने विचारलं. आणि त्याने फोन ठेवून दिला. त्यानंतर बरेच महिने त्याचा फोन आला नाही. ती करायची तेव्हा सेलेस्त उचलायची, गोड बोलायची, आणि तन्मय खोऱ्यात गेलाय म्हणून सांगायची.

खोरं रिकामं होत गेलं. आधी झरे आटले, मग अळूचे वाफे गेले, मग ऊस. टाक्या आल्या, त्यावर दोन्ही झेंडे रंगवलेले होते, पण टाकीच्या पाण्यावर माणसं जगतात, डोंगर नाही. मुलं उरली नाहीत म्हणून सेलेस्तची शाळा बंद झाली. मग एक दिवस तन्मयचाच फोन आला. आवाज परक्याचा.

"काही दिवस तुझ्याकडे आलो तर चालेल का?"

"हे विचारायचं असतं का, तन्मय?" शाल्मली म्हणाली.

"विचारलेलं बरं," तो म्हणाला.

ते आले ते ऑगस्टातच. चार बॅगा, एक कुकर आणि झोपाळलेली मुलगी. सेलेस्तने दारातच शाल्मलीला घट्ट मिठी मारली. ती तिला तन्मयसारखं वहिनीच म्हणायची, बाकी सगळं पोर्तुगीजमध्ये. "तुम्ही आमच्यासाठी किती धडपडलात, वहिनी," ती म्हणाली. "तन्मयने सांगितलंय मला." शाल्मलीने तिच्या खांद्यावरून तन्मयकडे पाहिलं. तो बॅगा आत घेत होता.

रात्रीची जेवणं लवकर आटोपली, प्रवासाने सगळे थकले होते. सकाळी सेलेस्त उठायच्या आधी तन्मय स्वयंपाकघरात आला आणि चहाच्या भांड्याकडे बघत बोलला.

"सेलेस्तला मी काही सांगितलेलं नाही. ती समजते, की तू आमच्यासाठी भांडलीस आणि हरलीस. तुझं नाव खाली पडू नये असं वाटलं तेव्हा. आता मला ते जमत नाही. मी नाही सांगणार, पण तू सांग."

"सांगते," शाल्मली म्हणाली.

तिने सांगितलं ते त्याच दिवशी दुपारी. सेलेस्त पालक धूत होती. एकेक जुडी धुतली की नळ बंद करायची, पुढची हातात घेतली की मग उघडायची. बाहेर गार वारा सुटला होता आणि खालच्या चौकात लोक ऑगस्टाची दुपार असूनही बाकांवर गप्पा मारत बसले होते. शाल्मलीने सुरुवातीपासून सगळं सांगितलं. मसुदा कुणी लिहिला, कशासाठी लिहिला, गुरुवारी काय झालं, आपण दारापर्यंत जाऊन कसे परत फिरलो. काही लपवलं नाही. 

"म्हणजे आमचा पाऊस नेणारं ते वाक्य तुमचं," ती शेवटी म्हणाली.

"माझं. पण ते मंजूर व्हावं म्हणून नव्हतं लिहिलं, सेलेस्त. तुमचा पाऊस वाचावा म्हणून."

"मग तेच का नाही लिहिलंत? की यांचा पाऊस वाचवा म्हणून?"

"मला तसा अधिकार नव्हता. सचिवालयाला मत नसतं."

सेलेस्तने नळ बंद केला आणि हात पुसले. तिचा आवाज चढला नव्हता. वर्गातल्या मुलाला त्याची चूक दाखवावी तशी ती बोलली.

"आमचं पाणी जाईल असं लिहायला तुम्हाला मत लागलं नाही, वहिनी. ते जाऊ नये, एवढं लिहायला मात्र मत लागलं."

तन्मय दारात येऊन उभा होता. त्याने सगळं ऐकलं होतं. शाल्मलीने त्याच्याकडे पाहिलं, त्याने काहीतरी हरकत घ्यावी म्हणून. ती वाट बघत राहिली. त्याने घेतली नाही.